भोवरा: एका जर्मन कॅमेरामनची गोष्ट

नमस्कार मंडळी. आज मी जरा आगाऊपणा करणार आहे, रेडिओवर बसून एका कॅमेरामनबद्दल बोलणार आहे. म्हणजे गोष्ट सगळी बघण्याची आणि माझ्या हातात दाखवायला काहीच नाही. पण ऐका तर खरं.

फुगडी घातलीये ना कधी? मी मंगळागौरीला मावशीकडे घालायचे, चक्कर येऊन पडेपर्यंत. दोघींनी हात घट्ट धरलेत, पाय जुळवलेत, आणि गरागरा फिरायला लागलं की काय होतं, तर मागची भिंत, खिडकी, टाळ्या वाजवणाऱ्या काकू, समई, सगळं पुसट होऊन वाहायला लागतं, आणि समोरच्या मुलीचा चेहरा तेवढा जागच्या जागी राहतो. अख्ख्या जगात एकच चेहरा. हे चित्र डोक्यात ठेवा, कारण आज ज्याच्याबद्दल बोलायचंय त्या माणसाने सिनेमात जवळपास हेच केलं, आणि त्याच्या नावाने त्या शॉटला जर्मनीत नाव पडलं, बालहाउस-क्राइझेल. क्राइझेल म्हणजे भोवरा.

मिखाएल बालहाउस. मी त्याला अरेतुरेच करणार आहे, लता म्हणतो, भीमसेन म्हणतो, त्यातलंच. जन्म बर्लिनचा, ५ ऑगस्ट १९३५. आईवडील दोघंही नट. युद्ध संपलं तेव्हा हा नऊ-दहा वर्षांचा, आणि त्या पडझडीनंतर आईवडिलांनी फ्रँकोनिया भागात एका गावातल्या जुन्या गढीत स्वतःची नाटक कंपनी चालवली. म्हणजे आपल्याकडे जसं नाटक कंपनीच्या बिऱ्हाडात वाढलेली पोरं असायची ना, विंगेत झोपणारी, प्रॉम्प्टिंग ऐकून संवाद पाठ झालेली, तसाच हा. पुढे फोटोग्राफी शिकला, नाटकांचे फोटो काढायला लागला. मला वाटतं तिथेच त्याची नजर तयार झाली असणार, कारण नाटकाचा फोटो काढताना नटाला हलवता येत नाही, आपल्यालाच हलावं लागतं.

मग १९५५. म्युनिकच्या बव्हेरिया स्टुडिओत माक्स ओफ्युल्स नावाचा दिग्दर्शक ‘लोला मोंतेस’ करत होता. हा ओफ्युल्स मूळचा जर्मन ज्यू, १९३३ साली हिटलर आल्यावर देश सोडून गेलेला. बालहाउसच्या घरच्यांची त्याच्याशी ओळख, त्यामुळे या पोराला सेटवर जाऊन नुसतं बघायची परवानगी मिळाली. बघितलं काय, तर सर्कशीचं भलंमोठं रिंगण आणि त्यात बसलेल्या बाईभोवती फिरणारा कॅमेरा. ओफ्युल्सला कॅमेरा स्थिर ठेवणं जमायचंच नाही म्हणे, जिने चढतोय, दारातून जातोय, गोल फिरतोय. पोरगं वीस वर्षांचंही नाही, आणि ठरवून टाकलं, हेच करायचं. तो सिनेमा तेव्हा धाडकन आपटला, ओफ्युल्स दोन वर्षांत गेलासुद्धा, पण ते रिंगण या पोराच्या डोक्यातून काही गेलं नाही.

आता तुम्हाला वाटेल की मग हा लगेच सिनेमात गेला. छे. तो गेला टीव्हीत, बाडेन-बाडेनच्या सार्वजनिक वाहिनीत नोकरीला. त्या वेळचा पश्चिम जर्मनीतला सिनेमा म्हणजे डोंगर, हिरवळ, गायी, लेदरच्या चड्ड्या घातलेले हिरो आणि गोड शेवट, मधे हिटलरच्या काळात, युद्धात जे झालं त्याबद्दल अवाक्षर नाही. त्याला वैतागून २८ फेब्रुवारी १९६२ ला ओबरहाउझेन गावातल्या लघुपट महोत्सवात सव्वीस तरुण मंडळींनी जाहीरनामा काढला, जुना सिनेमा मेला, आम्ही नव्यावर विश्वास ठेवतो, वगैरे. सिनेमाच्या इतिहासात सगळे त्या सव्वीस जणांबद्दल बोलतात. आपला माणूस त्यात नव्हता, तो तेव्हा टीव्हीच्या स्टुडिओत नाटकं शूट करत होता, घड्याळ लावून. दहा वर्षं ही हमाली केली, आणि खरं सांगू का, पुढे जे झालं ते या हमालीमुळेच झालं असं माझं स्पष्ट मत आहे. मधे बर्लिनच्या नव्या फिल्म अकादमीत शिकवलंही, त्याच शाळेत तेव्हा वोल्फगांग पेटरसन शिकत होता, त्याच्या हॉलिवूडमधल्या ‘एअर फोर्स वन’चा कॅमेरा पुढे बालहाउसकडेच गेला. पण ते नंतर.

१९७० साली आला रायनर वेर्नर फासबिंडर. हे पात्र म्हणजे वादळ. वय चोवीस, लेदरचं जाकीट, तोंडात सतत सिगरेट, म्युनिकची एक नाटकवाली टोळी बरोबर, आणि वर्षाला तीन-चार सिनेमे काढण्याची घाई. स्पेनमध्ये अल्मेरियाला जिथे वेस्टर्न सिनेमांचे सेट उभे होते तिथे त्याला ‘व्हाइटी’ नावाचा सिनेमा करायचा होता, आणि कॅमेऱ्यावर आला बालहाउस, चौतीस वर्षांचा, लग्न झालेला, पोरंबाळं असलेला, टीव्हीतला नोकरदार. दोघांचं पहिल्याच दिवशी गुळपीठ जमलं असं अजिबात नाही. फासबिंडर सेटवर लोकांना छळायचा, एकमेकांवर घालायचा, आणि त्या शूटिंगमधली भांडणं इतकी टोकाची की त्यावरच त्याने लगोलग दुसरा सिनेमा काढला, हॉटेलात पैशांची आणि फिल्मची वाट बघत बसलेल्या एका युनिटवर. त्याचाही कॅमेरा बालहाउसचाच. म्हणजे बघा, भांडणं झाली तिथे हजर आणि भांडणांचा सिनेमा निघाला तिथेही हजर.

पण एक गोष्ट जमली. फासबिंडर रिटेक फारसे घ्यायचाच नाही आणि बालहाउसला टीव्हीमुळे पटकन लाइट करायची सवय. एरवी मोठ्या सिनेमाचा कॅमेरामन एक शॉट लावायला अर्धा दिवस खातो. हा नाही खायचा. नऊ वर्षांत दोघांनी मिळून पंधरा-सोळा कामं केली.

त्यातलं एक जरा जवळून बघू. ‘पेट्रा फॉन कांटचे कडू अश्रू’, १९७२. अख्खा सिनेमा एका खोलीत. सगळी पात्रं बायका. पेट्रा फॅशन डिझायनर, तिची एक सेक्रेटरी जी पूर्ण सिनेमाभर एक शब्द बोलत नाही नुसती टाइप करते आणि बघते, आणि एक तरुण मुलगी जिच्या प्रेमात पेट्रा पडते आणि मग मोडते. खोलीत एक पलंग, पांढरा केसाळ गालिचा, कपडे अडकवायचे पुतळे, आणि मागे भिंतभर पूसाँ या जुन्या चित्रकाराचं प्रचंड चित्र, त्यात नागडा उभा बॅकस, म्हणजे रोमन लोकांचा दारूचा देव. सिनेमात पुरुष म्हणाल तर तेवढाच. शूटिंग उत्तर जर्मनीत वोर्प्सवेडे गावात, दहा दिवसांत संपवलं.

दहा दिवस, एक खोली, दोन तास सिनेमा. हे वाचताना सोपं वाटतं, पण ज्यांनी चाळीतल्या दहा बाय बाराच्या खोलीत बारशाचा साधा व्हिडिओ काढलाय त्यांना विचारा. दोन मिनिटांत कळतं की आता दाखवायला कोपराच उरला नाही. बालहाउसने काय केलं, तर खोलीच बदलत ठेवली. पलंग इकडचा तिकडे, पुतळ्यांच्या मांडणीत बदल, कधी कॅमेरा गालिच्यावर पालथा झोपल्यासारखा खाली, इतका की माणसांच्या आधी गालिच्याचे केस दिसतात, कधी पेट्राचा चेहरा पुढे आणि खूप मागे ती मुकी सेक्रेटरी, दोघी एकाच चौकटीत, आणि त्या चित्रातला बॅकस त्यांच्या डोक्यावर. मी हा सिनेमा पहिल्यांदा बघितला तेव्हा अर्ध्या तासात कंटाळले होते, खोटं कशाला बोलू. दुसऱ्यांदा बघताना आवाज न ऐकता नुसतं बघितलं आणि लक्षात आलं की त्या खोलीतून आपल्याला बाहेर जाऊ न देणं हेच तर काम आहे.

आता भोवरा. १९७४, ‘मार्था’, टीव्हीसाठी केलेला, सोळा एमएमच्या अरुंद फिल्मवर. रोममध्ये जर्मन वकिलातीच्या बाहेर एक बाई टॅक्सीतून उतरून आत येतेय, समोरून एक अनोळखी माणूस चाललाय. दोघं एकमेकांजवळून जातात, बोलत नाहीत, एवढंच. पुढे तो तिचा नवरा होणार आणि तिचं आयुष्य चिरडून टाकणार, पण हे अजून तिला माहीत नाही आणि आपल्यालाही नाही. बालहाउसने सुचवलं की कॅमेरा अर्धं वर्तुळ फिरवू. फासबिंडर म्हणाला अर्धंच का, पूर्ण फिरव. आणि मग त्यात आणखी भर, की कॅमेरा गोल फिरत असताना ही दोघंही स्वतःभोवती फिरतील. म्हणजे फुगडी, आणि फुगडीभोवती फेर धरणारी तिसरी.

यात काय अवघड आहे ते सांगते, कारण ‘गोल फिरवला कॅमेरा’ म्हणायला काही लागत नाही. पहिली गोष्ट, जमिनीवर गोल ट्रॅक टाकायचा, रेल्वेच्या रुळासारखा, त्यावर ट्रॉली, ट्रॉलीवर कॅमेरा, आणि ढकलणारे मागून. कॅमेरा चारी बाजूंना बघणार, म्हणजे लाइट ठेवायचे कुठे, माणसं लपवायची कुठे, दिग्दर्शकाने उभं राहायचं कुठे? एरवी शूटिंगला कॅमेऱ्याच्या मागे अर्धं गाव उभं असतं. इथे मागे अशी जागाच नाही. दुसरं म्हणजे फोकस. ट्रॉलीवर बसून लेन्सची रिंग फिरवणारा जो असतो त्याला अंतर सतत मोजत राहायचं, माणूस वीतभर पुढे आला की चेहरा गेला धूसर. आणि तिसरं म्हणजे हा ट्रॅक गोल बंद, मग त्यात बाहेरून चालत येणाऱ्या नटांनी काय करायचं, तर रुळांवरून पाय टाकून आत यायचं, खाली न बघता, अडखळल्यासारखं न दिसता, चेहऱ्यावर नियतीबियती आणून. मार्गिट कार्स्टेन्सनने ते केलं, समोर कार्लहाइन्झ ब्योम, तोच ज्याला जर्मन बायका तरुण सम्राटाच्या भूमिकेतला गोडगोड हिरो म्हणून ओळखायच्या. त्याला असा क्रूर नवरा करणं हा फासबिंडरचा खास चावटपणा.

काही सेकंदांचा शॉट. पण मी तो जेव्हा जेव्हा बघते तेव्हा पोटात गोळा येतो, कारण हे प्रेम नाही, ही चक्कर आहे, हे त्या फिरण्यातून आधीच कळतं. संवादाची गरजच नाही. नंतर हा शॉट जगभर चावून चावून चोथा झाला, आपल्याकडे तर हिरो हिरॉइन मिठी मारून उभे राहिले की कॅमेरा गोल फिरलाच पाहिजे असा जणू कायदा आहे, सिरियलमध्ये तर सासूभोवतीपण फिरतो, तीन वेळा. त्याचं खापर बालहाउसवर फोडू नका एवढंच म्हणणं आहे.

बरं, फिरायला जागा नसेल तेव्हा तो आरसे वापरायचा. १९७३ ला त्यांनी टीव्हीसाठी दोन भागांची एक विज्ञानकथा केली होती, संगणकाच्या आत एक खोटं जग आहे आणि आपण राहतो ते तरी खरं कशावरून, अशी. बजेट तुटपुंजं, भविष्यकाळ उभा करायला सेट परवडणार नव्हते, म्हणून पॅरिसमधले नवेकोरे मॉल आणि काचेच्या इमारती गाठल्या आणि जिथे तिथे आरसे. माणूस बोलतोय एकीकडे, दिसतोय दुसरीकडे, आणि खरा कोणता ते पटकन कळत नाही. १९७६ च्या ‘चायनीज रूलेट’चं शूटिंग तर बालहाउसच्या स्वतःच्या घरात झालं, फ्रँकोनियातल्या त्याच्या जुन्या वाड्यात. कल्पना करा, फासबिंडरची टोळी तुमच्या घरात महिनाभर, आणि तुमच्याच काचेच्या कपाटांमधून तुम्ही नवराबायकोची लफडी शूट करताय. माझ्या घरी तर साधा एसीवाला आला तरी मी दोन दिवस वैतागलेली असते.

इथे आपल्याकडची एक गोष्ट मधेच सांगते. जर्मन कॅमेरामन आपल्याला काही परका नाही हो. म्युनिकचाच योसेफ वीर्शिंग १९२५ मध्ये फ्रान्झ ऑस्टेन या दिग्दर्शकाबरोबर भारतात आला, पुढे मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये ‘अछूत कन्या’ त्याने शूट केला, युद्धात जर्मन म्हणून इंग्रजांनी त्याला नजरकैदेत टाकलं, तरी परत गेला नाही. ‘महल’ त्याचाच, आणि ‘पाकीझा’चा बराचसा भागही. तो १९६७ ला इथेच गेला आणि ‘पाकीझा’ लागला १९७२ ला, म्हणजे पेट्राच्या त्या खोलीच्याच वर्षी. एका म्युनिकवाल्याने काढलेल्या तवायफच्या कोठ्यातल्या झुंबरांच्या फ्रेमा इथे, आणि तिकडे वोर्प्सवेडेत तो केसाळ गालिचा. याचा एकमेकांशी काहीही संबंध नाही, मला आपलं बरं वाटतं म्हणून सांगितलं.

आणि आता तो सिनेमा ज्यात रेडिओ आहे, म्हणजे आपला विषय. ‘मारिया ब्राउनचं लग्न’. शूटिंग १९७८ च्या सुरुवातीला, मुख्यतः कोबुर्गमध्ये, आणि १९७९ च्या फेब्रुवारीत बर्लिनच्या महोत्सवात दाखवला. सुरुवात १९४३, बॉम्ब पडतायत आणि विवाह नोंदणी कचेरीत लग्न लागतंय, भिंत कोसळते, सह्या जमिनीवर पालथं पडून होतात. नवरा युद्धावर, मग बेपत्ता, मग आणखी बरंच काही, आणि मारिया म्हणजे हाना शिगुला एकटीच वर चढत जाते, पडक्या घरातून बंगल्यापर्यंत, देशाबरोबर. बालहाउसचा कॅमेरा तिला बहुतेक वेळा कशाच्या तरी आडून बघतो, दाराच्या चौकटीतून, जिन्याच्या कठड्यातून, तुटक्या भिंतीतून. सुरुवातीला वाटतं ढिगारे आहेत म्हणून आडोसे आहेत. पण नंतर बंगला आला तरी आडोसे आहेतच, फक्त गुळगुळीत झालेत.

आणि आवाज. घरात सतत रेडिओ चालू. चान्सलर आडेनाउअर एकदा सांगतो जर्मनी पुन्हा शस्त्रं हातात घेणार नाही, पुढे दुसऱ्या भाषणात बरोब्बर उलटं, आणि माणसं जेवतायत, कोणी मान वर करून बघत नाही. शेवटी ४ जुलै १९५४, बर्नला फुटबॉल विश्वचषकाची फायनल, पश्चिम जर्मनी विरुद्ध हंगेरी. नवरा परत आलाय, दोघं त्या बंगल्यात, कपडे बदलतायत, मृत्युपत्र वाचलं जातंय, आणि मागे हेर्बर्ट झिमरमानची कॉमेंट्री चढत चाललीये. स्वयंपाकघरात गॅस चालू राहिलाय. मारिया सिगरेट पेटवायला जाते. स्फोट होतो आणि रेडिओवर झिमरमान बेभान ओरडतोय, संपलं, संपलं, जर्मनी विश्वविजेता. खरी कॉमेंट्री, जशीच्या तशी. जर्मन माणसाला तो आवाज तोंडपाठ आहे, आपल्याला १९८३ चा लॉर्ड्स आठवतो ना तसा, आणि फासबिंडरने त्याच आनंदाखाली घर उडवून दिलं. कॅमेरामनवरच्या भाषणात मी आवाजाचं कौतुक करतेय हे कळतंय मला, पण त्या प्रसंगात बालहाउसचं शहाणपण हेच की त्याने चित्राला आवाजाच्या वर चढू दिलं नाही.

हा दोघांचा शेवटचा सिनेमा. फासबिंडर तेव्हा दिवसा शूटिंग करायचा, रात्री पुढच्या चौदा भागांच्या टीव्ही मालिकेचं लिखाण, आणि हे सगळं रेटायला नशा. बालहाउस बाजूला झाला. मला विचाराल तर त्यामुळेच तो एक्क्याऐंशी वर्षं जगला. फासबिंडर १० जून १९८२ ला गेला, सदतिसाव्या वर्षी, चाळीसहून जास्त कामं करून.

मग अमेरिका. सत्तेचाळिसाव्या वर्षी नव्या देशात, नव्या भाषेत. तिथे मार्टिन स्कोर्सेसी अडचणीत होता, त्याचा मोठा सिनेमा ऐनवेळी स्टुडिओने रद्द केलेला, त्याला स्वस्तात आणि भराभर काहीतरी करून दाखवायचं होतं, आणि असा कॅमेरामन हवा होता ज्याला दहा दिवसांत सिनेमा संपवायची सवय आहे. पुढचं कळलंच तुम्हाला. ‘आफ्टर अवर्स’, एका रात्रीची गोष्ट, चाळीसेक रात्रींत शूट केलेली. मग ‘द कलर ऑफ मनी’, ‘गुडफेलाज’, ‘गँग्ज ऑफ न्यूयॉर्क’, ‘द डिपार्टेड’. ‘गुडफेलाज’मधला तो प्रसिद्ध लांबलचक शॉट माहीत असेल, हिरो मैत्रिणीला घेऊन क्लबच्या मागच्या दाराने, जिना उतरून, स्वयंपाकघरातून, थेट पहिल्या टेबलापर्यंत, तीन मिनिटं कट नाही. स्टेडीकॅम, म्हणजे चालताना कॅमेरा हिंदकळू न देणारं यंत्र, अंगावर बांधून चालणारा लॅरी मॅकॉन्की, लाइटिंग बालहाउसचं. पुढच्या दाराने जायला परवानगी मिळाली नव्हती म्हणून मागून गेले. पुन्हा तेच बघा, दार बंद म्हणून शॉट झाला. ‘फॅब्युलस बेकर बॉइज’मध्ये मिशेल फायफर लाल ड्रेसमध्ये पियानोवर पडून गातेय आणि कॅमेरा भोवती फिरतोय, तोही भोवराच, फक्त इथे चक्कर सुखाची. ऑस्करला तीनदा नामांकन झालं, मिळालं एकदाही नाही. अमेरिकेतलं काम सुंदर आहे, माझी तक्रार नाही, पण तिथे त्याच्याकडे जागा होती, पैसा होता, क्रेन होत्या. मला तो गालिच्यावर पालथा पडलेलाच जास्त आवडतो.

२००६ ला बायको हेल्गा गेली आणि तो बर्लिनला परत आला. डोळ्यांना काचबिंदू. कॅमेरामनला काचबिंदू, काय बोलणार. कडेकडेनं दिसणं कमी होत जातं त्यात, म्हणजे ज्याने आयुष्यभर चारी बाजूंनी फिरून बघितलं त्याचं चित्र कडांपासून खायला सुरुवात. २०१४ ला आत्मचरित्र काढलं त्याचं नाव ‘डोक्यातली चित्रं’. २०१६ ला बर्लिनच्या महोत्सवाने सन्मानाचं सोनेरी अस्वल दिलं, २०१७ च्या एप्रिलमध्ये गेला.

पण त्याआधी एक शेवटचा सिनेमा केला होता, २०१३ मध्ये आलेला, दुसरी बायको शेरी होर्मान हिने दिग्दर्शित केलेला. ऑस्ट्रियातल्या एका मुलीची खरी गोष्ट, दहाव्या वर्षी पळवून नेलेली, ३०९६ दिवस तळघरात कोंडलेली. ते तळघर पाच चौरस मीटर, म्हणजे आपल्या हिशोबाने पन्नास-पंचावन्न चौरस फूट. पंचाहत्तरी ओलांडलेला, नजर अधू झालेला माणूस पुन्हा एका खोलीत, आणि या वेळची खोली पेट्राच्या पलंगाएवढी.

‘मार्था’ कुठे मिळाला तर तो रोमचा शॉट बघा. आवाज बंद करून बघा, रेडिओवरची बाई सांगतेय म्हणून हसू नका. आणि ती दोघं फिरून झाल्यावर आपापल्या दिशेने निघतात ना, तेव्हा त्यांच्या चालण्याकडे लक्ष ठेवा, ट्रॅक ओलांडताना खांदा जरासा वर जातो का ते. मी बऱ्याचदा बघितलंय. मला अजून पकडता आलेलं नाही.